बरणीतला जरासंध

एकतीस वर्षं मी शाळेत जीवशास्त्र शिकवलं. पहिली चौदा वर्षं मुरबाड तालुक्यात, पुढची सतरा शहापुरात. दरवर्षी फळ्यावर हायड्रा काढला. खाली चिकटलेला पाया, वर नळीसारखं धड, टोकाला तोंड, तोंडाभोवती सहा शुंडके आणि अंगातून बाजूला फुटलेला मुकुल. बाण काढून नावं दिली. ‘हायड्रामध्ये मुकुलायन पद्धतीने अलैंगिक प्रजनन होते’ हे वाक्य मुलांना उतरवून दिलं. परीक्षेत हा दोन गुणांचा प्रश्न, आकृतीला एक आणि नावांना एक. नोकरीच्या पहिल्या नऊ वर्षांत मी स्वतः जिवंत हायड्रा पाहिलेला नव्हता, हे मात्र वर्गाला कधी सांगितलं नाही.

तो दाखवला एका विद्यार्थिनीने. भातकापणी उरकून झोडणी चालू होती, म्हणजे कार्तिक असावा. टोकावड्याच्या पुढच्या एका पाड्यावरून ती चालत शाळेत यायची. एका सकाळी तिने लोणच्याची रिकामी बरणी टेबलावर ठेवली. आत तळ्याचं पाणी, थोडं शेवाळ आणि काचेला चिकटलेले पाच-सहा फिकट तपकिरी दोरे. “सर, दोरे हायत. पण जिते हायत. हात लावला की गोळा होतात.” मी भिंग लावलं. दोऱ्याच्या टोकाला केसांहून बारीक सोंडा पसरल्या होत्या. बरणीला टिचकी मारली तसा सगळा प्राणी आखडून मोहरीएवढा झाला आणि मिनिटभराने पुन्हा लांबला. फळ्यावरची माझी आकृती बरोबर होती, पण तिच्यात हे लांबणं-आखडणं नव्हतं.

मी पुस्तकात वाचलेलं करून बघितलं. बशीत एक हायड्रा घेऊन दाढीच्या नव्या पात्याने मधोमध कापला. दोन तुकडे दोन बशांत ठेवले. तिसऱ्या-चौथ्या दिवशी खालच्या तुकड्याला शुंडके आले होते, वरच्याला पाया आला होता. एकाचे दोन झाले होते. वर्ग बशांभोवती गोळा झाला. बरणी आणणारी मुलगी बराच वेळ बघत राहिली आणि म्हणाली, “सर, मग माझ्या बापाची बोटं का न्हाय आली?”

तिच्या वडिलांची उजव्या हाताची दोन बोटं एका कारखान्यात यंत्राखाली गेली होती, हे मला नंतर कळलं. त्या क्षणी मी म्हणालो, “ते आपल्या अभ्यासक्रमात नाही.” शिक्षक म्हणून दिलेल्या उत्तरांपैकी हे सर्वांत वाईट. पुढचा लेख म्हणजे त्या उत्तराची उशिरा केलेली दुरुस्ती आहे.

दोन पदरांचा प्राणी

हायड्रा हा जेलीफिश, प्रवाळ आणि समुद्रफूल यांच्या कुळातला. हे बहुतेक सगळे कूळबंधू समुद्रात, हा मात्र गोड्या पाण्यात. लांबी काही मिलिमीटरपासून फार तर सेंटिमीटर-दीड सेंटिमीटर. शरीर म्हणजे दुपदरी नळी. बाहेरचा एक पेशीस्तर, आतला एक पेशीस्तर आणि दोन्हींच्या मध्ये जेलीसारखा पातळ थर. हृदय नाही, रक्त नाही, मेंदू नाही. मज्जापेशी आहेत, पण त्या कोळ्याच्या जाळ्यासारख्या अंगभर विखुरलेल्या. संपूर्ण प्राण्यात पेशी असतात लाखाच्या आसपास.

शुंडकांवर दंशपेशी असतात. प्रत्येकीत गुंडाळलेल्या दोऱ्याची विषारी कुपी. पाण्यातली एखादी बारीक पिसू शुंडकाला घासली की कुपी फुटते आणि दोरा बाहेर झेपावतो. हा स्फोट एका सेकंदाच्या दहा लाखाव्या भागापेक्षाही कमी वेळात होतो. प्राणिजगतातल्या सर्वांत वेगवान हालचालींत त्याची गणना होते. पिसू लुळी पडते, शुंडके तिला तोंडाकडे ओढतात. तोंडाचीही एक गंमत आहे. हायड्राला ओठ नाहीत. खाऊन झालं की तोंडाच्या कडा एकमेकींना सांधल्या जातात आणि पुढच्या घासाला तिथेच पुन्हा फाटून भोक पडतं. म्हणजे जखम होणं आणि भरणं हा त्याच्या रोजच्या जेवणाचाच भाग आहे.

खाणं भरपूर असेल तर तीन-चार दिवसांत अंगाला एक मुकुल फुटून वेगळा होतो. थंडी वाढली किंवा उपासमार झाली की पुष्कळ जाती नर-मादीच्या मार्गाला लागतात. तेव्हा तयार होणाऱ्या भ्रूणाभोवती टणक कवच असतं आणि वाईट काळ तो कवचात काढू शकतो.

घरशिक्षक आणि दोन मुलं

हायड्रा पहिल्यांदा पाहिला तो हॉलंडच्या लेव्हेनहूकने, 1702 साली. पण त्याची खरी ओळख जगाला करून दिली ती अब्राहम ट्रेम्बली या जिनिव्हाच्या तरुणाने. तो हॉलंडमध्ये हेगजवळ काउंट बेंटिंक यांच्या दोन मुलांना घरी शिकवत असे. मुलांबरोबर खंदकातलं पाणी आणून काचेच्या भांड्यांत ठेवणं हा त्यांच्या शिक्षणाचाच भाग होता. 1740 साली त्या पाण्यात त्याला हिरवे, हात असलेले जीव दिसले. रंग वनस्पतीचा, हालचाल प्राण्याची. हे नक्की काय, असा प्रश्न पडल्यावर त्याने साधा विचार केला: कापून बघू. झाडाची फांदी लावली तर जगते, प्राण्याचा तुकडा जगत नाही. दोन्ही तुकडे जगले तर ती वनस्पती.

नोव्हेंबर 1740 मध्ये त्याने कापलं आणि दोन्ही तुकडे पूर्ण झाले. पण ते चालत होते, शिकार करत होते, गिळत होते. म्हणजे तो प्राणीच होता आणि चूक त्याच्या कसोटीत होती. पुढे त्याने एकाच प्राण्याच्या डोक्याला उभ्या चिरा देऊन सात डोकी वाढवली. डुकराच्या राठ केसाने प्राणी मोज्यासारखा उलटा करून पाहिला. 1743 मध्ये लंडनच्या रॉयल सोसायटीने त्याला कॉप्ली पदक दिलं आणि 1744 मध्ये त्याचा ग्रंथ निघाला. ग्रीक पुराणात हायड्रा नावाचा अनेक डोक्यांचा जलसर्प आहे. हर्क्युलिसने त्याचं एक डोकं उडवलं की तिथे दोन उगवत. लिनियसने 1758 मध्ये या प्राण्याला तेच नाव दिलं.

मला या गोष्टीत सर्वांत भावतं ते हे की, हा शोध कोणत्याही विद्यापीठात लागला नाही. एक घरशिक्षक, दोन मुलं आणि खंदकाचं पाणी. माझ्याकडेही तेवढंच होतं. फरक इतकाच की त्याने प्रश्न टाळला नाही.

वर कुठे, खाली कुठे

आपल्याकडे हायड्राच्या जवळ जाणारी गोष्ट जरासंधाची. मगधाच्या बृहद्रथ राजाच्या दोन राण्यांनी एका आंब्याचे दोन भाग खाल्ले आणि प्रत्येकीला अर्धं मूल झालं. टाकून दिलेली ती दोन अर्धुकं जरा नावाच्या राक्षसीने उचलून एकत्र धरली आणि ती सांधली गेली. जरेने सांधला तो जरासंध. पुढे भीम त्याला उभा चिरायचा आणि दोन्ही अर्धुकं पुन्हा जुळायची. कीर्तनकार सांगतात, कृष्णाने गवताची काडी चिरून तिचे तुकडे उलटसुलट फेकले. भीमाने खूण ओळखली, अर्धुकं उलट्या दिशांना टाकली आणि जरासंध मेला.

दिशा चुकली तर जुळणी होत नाही, हा या कथेतला मुद्दा हायड्राच्या अभ्यासातही मध्यवर्ती आहे. हायड्राचं डोकं आणि पाया दोन्ही कापून नुसता मधला तुकडा ठेवला, तरी डोकं येतं ते पूर्वी डोकं होतं त्याच बाजूला आणि पाया पायाच्या बाजूला. त्या तुकड्यातल्या पेशींना वर कुठे आणि खाली कुठे हे ठाऊक असतं. ते कसं?

1909 मध्ये एथेल ब्राउन या अमेरिकी विद्यार्थिनीने याचा मोठा दुवा शोधला. तिने एका हायड्राच्या तोंडाजवळचा इवलासा तुकडा दुसऱ्या हायड्राच्या धडात बसवला. तिथे दुसरं डोकं आणि सबंध नवं धड फुटलं. शिवाय एक प्राणी हिरवा आणि दुसरा रंगहीन घेतल्याने तिला दिसलं की, नवं शरीर बसवलेल्या तुकड्याचं नव्हतं; तुकड्याने यजमानाच्याच पेशींना कामाला लावलं होतं. असा दुसऱ्यांना कामाला लावणारा संघटक बेडकाच्या वर्गातल्या न्यूट या प्राण्याच्या भ्रूणात हान्स स्पेमान आणि हिल्डे मँगोल्ड यांनी 1924 मध्ये दाखवला आणि स्पेमानना 1935 चं नोबेल मिळालं. ब्राउनचा प्रयोग पंधरा वर्षं आधीचा होता.

आज आपल्याला यामागची यंत्रणा बरीच कळली आहे. एकत्र कुटुंबातला कर्ता डोळ्यांसमोर आणा. तो घरात आहे तोवर दुसरा कोणी कर्तेपण मागत नाही. हायड्राचं डोकं दोन गोष्टी करतं: डोकं घडवणारे संदेश आपल्यापाशी तयार ठेवतं आणि ‘दुसरं डोकं नको’ असा मज्जाव खाली पाठवत राहतं. डोक्यापासून जितकं दूर, तितका मज्जाव क्षीण. म्हणूनच मुकुल धडाच्या खालच्या भागात फुटतो. डोकं कापलं की मज्जाव उठतो. मग जुन्या डोक्याच्या सर्वांत जवळच्या पेशी, म्हणजे वारसाहक्कात पहिल्या असलेल्या, पुढे होतात. काही तासांतच त्यांच्यात विंट नावाच्या कुळातली जनुकं जागी होतात आणि डोकं घडू लागतं.

यातली सर्वांत महत्त्वाची गोष्ट मला फार उशिरा उमगली. हायड्राचा तुकडा पूर्ण होतो तो प्रामुख्याने नव्या पेशी वाढवून नव्हे. असलेल्याच पेशी आपली कामं बदलतात, जागा बदलतात. म्हणून तुकडा लहान असेल तर तयार होणारा हायड्राही लहानच असतो आणि खाऊन मग मोठा होतो. मूळ प्राण्याच्या शंभराव्या हिश्शाएवढा तुकडाही पुरतो. 1972 मध्ये जर्मनीत आल्फ्रेड गीरर आणि सहकाऱ्यांनी तर हायड्राच्या पेशी पूर्ण सुट्या केल्या आणि तो लगदा गोळा करून ठेवला. वर-खालीची सगळी आठवण पुसलेली. तरी काही दिवसांत गोळ्यातून डोकी निघाली, धडं निघाली. जरासंधाला जोडायला जरा लागली. इथे कोणीच लागलं नाही.

पुण्याचा हायड्रा

हे सगळं परदेशात घडलं असं मी बरीच वर्षं समजत होतो. प्रत्यक्षात हायड्राचं एक मोठं घर पुण्यात आहे. शं. पु. आघारकर यांच्या पुढाकाराने 1946 मध्ये महाराष्ट्र विज्ञानवर्धिनी सुरू झाली. तिचीच संस्था आज आघारकर संशोधन संस्था म्हणून ओळखली जाते. तिथे सुरेंद्र घासकडबी आणि त्यांच्या विद्यार्थ्यांनी अनेक वर्षं हायड्रावर काम केलं. आपल्याकडच्या नेहमीच्या हायड्राचं रीतसर वर्णन आणि जनुकीय ओळख त्यांच्या गटाने 2011 मध्ये प्रसिद्ध केली. आज जगातल्या शोधनिबंधांत तो ‘हायड्रा व्हल्गारिस इंड-पुणे’ या नावाने येतो. पुण्याच्याच आयसरमध्ये संजीव गलांडे यांच्या गटाने हायड्राचं डोकं घडवणाऱ्या विंट संदेशांचा माग काढला आहे.

आघारकर संस्थेतल्या दोन कामांचा उल्लेख इथे केलाच पाहिजे. नॉगिन नावाचं जनुक कणाधारी प्राण्यांच्या भ्रूणात शरीराची घडण ठरवण्यात भाग घेतं. या गटाने हायड्रातलं नॉगिन वेगळं केलं आणि जपानी सहकाऱ्यांसह ते बेडकाच्या भ्रूणात तपासलं. तिथे ते काम करू शकलं. हायड्राचे आणि बेडकाचे पूर्वज वेगळे होऊन पन्नास कोटी वर्षांहून अधिक काळ लोटला, तरी बेडकाला हायड्राची भाषा कळली. दुसरं काम डीएनएच्या दुरुस्तीचं. काही माणसांना जन्मतः असा आजार असतो की, उन्हाने डीएनएला झालेली इजा त्यांच्या पेशी दुरुस्त करू शकत नाहीत. ज्या जनुकांतल्या बिघाडाने हा आजार होतो, त्यांची भावंडं हायड्रात आहेत आणि ती आपल्या जनुकांशी मिळतीजुळती आहेत.

2010 मध्ये हायड्राचा संपूर्ण जनुकसंच वाचला गेला. जनुकं निघाली सुमारे वीस हजार. माणसाचीही जवळपास तेवढीच.

जरा

जरा म्हणजे म्हातारपण. जरासंधाला सांधणारीचं नाव जरा असावं आणि हायड्रापुढचा सर्वांत मोठा प्रश्नही जरेचाच असावा, हा योगायोग मला गमतीचा वाटतो.

डॅनिएल मार्टिनेझ या शास्त्रज्ञाला वाटत होतं की, हायड्राही इतर प्राण्यांसारखाच म्हातारा होत असणार. ते सिद्ध करायला त्याने हायड्रा पाळले. चार वर्षं झाली तरी मरणाचं प्रमाण वाढेना. 1998 मध्ये त्याने उलटा निष्कर्ष छापला. मग जर्मनी आणि अमेरिकेत मिळून 2,256 हायड्रांवर आठ वर्षांपर्यंत नजर ठेवली गेली. 2015 मध्ये निकाल आला. वय वाढलं म्हणून मरणाची शक्यता वाढत नाही. पिल्लं देण्याची क्षमताही घटत नाही.

याचं कारण त्याच्या अंगातल्या मूलपेशी. धडातल्या पेशी सतत विभागत असतात. जुन्या पेशी हळूहळू शुंडकांच्या टोकांकडे आणि पायाकडे ढकलल्या जातात आणि तिथून गळून पडतात. साधारण तीन आठवड्यांत बहुतेक सगळं शरीर नवं होतं. सरळगावच्या पुलावर उभं राहून आपण काळू नदी तीच आहे म्हणतो, पाणी मात्र दर क्षणी वेगळं असतं. हायड्रा तसा आहे. तो जुनं काही सांभाळून ठेवत नाही, म्हणून जुना होत नाही.

त्याला अमर म्हणणं मात्र चूक. त्याला मासे खातात, उपासमार मारते, प्रयोगशाळेतल्या हायड्रांना गाठीही झालेल्या आढळल्या आहेत. तो मरतो, फक्त म्हातारा होऊन मरत नाही.

बोटांचं उत्तर

आता त्या मुलीचा प्रश्न. जनुकं इतकी सारखी असतील, तर बोटं का नाही येत?

कारण आपल्या बहुतेक पेशींनी आपला पेशा कायमचा स्वीकारला आहे. हाडाची पेशी हाडाचीच, मज्जातंतूची मज्जातंतूचीच. या पक्क्या कामवाटपामुळेच हात घडतो. विळा धरणारं, सुईत दोरा ओवणारं बोट दोन पदरांच्या नळीत होऊच शकत नाही. मूलपेशी आपल्यातही आहेत, पण त्या आपापल्या वाड्यात: रक्ताच्या हाडांत, त्वचेच्या त्वचेत. जखम झाली की आपलं शरीर रक्त थांबवायची आणि जंतू रोखायची घाई करतं. व्रणाची शिवण घालून दार बंद केलं जातं. नवं घडवायला वेळ हवा आणि घाव उघडा हवा; तेवढं थांबणं आपल्याला परवडलेलं नाही.

तरी दार पूर्ण बंदही नाही. यकृताचा मोठा भाग काढला तरी उरलेलं वाढून काम भागवतं. लहान मुलांच्या बोटाचं टोक नखाच्या पुढे तुटलं आणि जखम टाके न घालता नुसती झाकून ठेवली, तर टोक पुन्हा येऊ शकतं, हे शेफील्डच्या डॉक्टर सिंथिया इलिंगवर्थ यांनी 1974 मध्ये नोंदवलं. सॅलमँडरला तर अख्खा पाय येतो. म्हणजे घडवण्याचा मजकूर आपल्यातही लिहिलेला आहे. तो मोठेपणी पुन्हा वाचता कसा येईल आणि वाचताना पेशी बेताल वाढून कर्करोग कसा होणार नाही, हे शोधायला जगभर माणसं बशीतल्या हायड्राकडे बघत आहेत. तिच्या वडिलांच्या बोटांना त्याचा उपयोग नव्हता. पण ‘अभ्यासक्रमात नाही’ यापेक्षा हे उत्तर खरं होतं आणि ते मला त्या दिवशी देता आलं असतं.

तांब्याचा हंडा

त्या बरणीतल्या हायड्रांचं पुढे काय झालं तेही सांगतो. पाणी गढूळ झालं म्हणून मी ते बदललं. घरचं सर्वांत स्वच्छ पाणी म्हणून रात्रभर तांब्याच्या हंड्यात राहिलेलं पाणी घातलं. सकाळी शुंडकांच्या टोकांना गाठी आल्या होत्या. संध्याकाळी शुंडके आखडून ठुसके झाले. दुसऱ्या दिवशी प्राणी गोळा झाला आणि तिसऱ्या दिवशी बरणीत नुसता धुरकट गाळ होता. पात्याने कापून जो मरत नव्हता, तो मी शुद्ध पाण्याने मारला.

नंतर वाचनात आलं की, हायड्राला तांबं अगदी सूक्ष्म प्रमाणातही सोसत नाही. दोन पदरांच्या शरीरात प्रत्येक पेशी पाण्याला भिडलेली असते, आडोसा नसतो. जस्त, कॅडमियम यांचंही तेच. म्हणूनच पाण्यातलं विष मोजायला शास्त्रज्ञ हायड्रा वापरतात. आधी शुंडकांना गाठी, मग ते आखूड, मग शरीराचा गोळा, मग विरून जाणं. मी टिपल्या त्याच पायऱ्या त्यांच्या तक्त्यात होत्या. त्यातल्या सुरुवातीच्या पायऱ्यांवर पाणी बदललं तर प्राणी सावरूही शकतो. मला ते माहीत नव्हतं.

तेव्हापासून आमच्या भागातलं पाणी मी त्याच्या नजरेने बघतो. भातसा, तानसा आणि मोडकसागर या धरणांचं पाणी शहापूरच्या अंगणातून मुंबईला जातं आणि उन्हाळ्यात इथल्याच पाड्यांवर बायका टँकरची वाट बघतात. धरणांची मोजदाद होते, गावतळ्यांची होत नाही. भेंडी-काकडीच्या वाडीत फवारलेलं मोरचूद म्हणजेही तांबंच. पहिल्या पावसात ते उताराने कुठे जातं, हे त्या वाडीखालच्या डबक्याला विचारायला हवं. मुलीने ज्या तळ्यातून बरणी भरली ते आता नाही. तिथे भराव घालून कुंपण झालं आहे. शहापूरकडे किन्हवलीच्या वाटेवर मला माहीत असलेल्या दोन तळ्यांपैकी एकात गेल्या हिवाळ्यात हायड्रा सापडले, दुसऱ्यात नाहीत. एकदा न सापडण्याने काही सिद्ध होत नाही, म्हणून यंदा पुन्हा जाणार आहे. कापलेल्या अंगातून सबंध प्राणी उभा करण्याची विद्या हायड्राकडे आहे, पण बुजवलेलं तळं परत आणण्याची नाही. ते काम बोटं असलेल्यांचं आहे.

त्या मुलीचे वडील आता नाहीत. ती याच तालुक्यात असते, तिची मुलं शाळेत जातात. हा अंक मी तिला पाठवणार आहे.

तुम्हालाही बघायचा असेल तर दिवाळीनंतर थंडी पडू लागली की एखाद्या संथ, सावलीच्या तळ्यावर जा. पाण्यात बुडालेल्या वनस्पतीची मूठभर फांदी तिथल्याच पाण्यासह काचेच्या बरणीत आणा आणि खिडकीपाशी दिवसभर हलवू नका. मग उजेडाच्या बाजूची काच भिंगाने बघा. दोरे दिसले तर टिचकी मारा. आखडले तर तोच. पाणी बदलायचं झालं तर त्याच तळ्याचं आणा. हंड्यातलं घालू नका.